किडनीची गाळणी आणि रक्ताचा दाब

शेतातून घरी येऊन चूल पेटवता पेटवता रेडिओ लावला असेल, तर राहू द्या तसाच सुरू. हातातलं काम थांबवायची गरज नाही, कान तेवढा इकडे द्या.

मी वाशिम जिल्ह्यातल्या बचत गटांची समन्वयक आहे. गटांच्या बैठका घेणं, हिशेबाची पुस्तकं तपासणं, बँकेची कागदपत्रं करून देणं हे माझं रोजचं काम. शिक्षण बीए, तेही कला शाखेचं. म्हणजे आज मी ज्या विषयावर बोलणार आहे, तो काही मी कॉलेजात शिकलेली नाही. तो मला शिकावा लागला आमच्याच एका गटातल्या ताईमुळे. तिला विचारूनच मी हे सांगते आहे. नाव सांगू नको म्हणाली, बाकी सगळं सांग म्हणाली.

ही ताई चाळिशीच्या आतली. दोन एकर शेती आणि बाकी वेळ मजुरी. निंदण असो, सोयाबीनची सोंगणी असो, ती सगळ्यांच्या पुढे. गटाच्या अंतर्गत कर्जाच्या पुस्तकात तिचं नाव वर्षात तीन वेळा आलं. पाचशे रुपये, मग पुन्हा पाचशे, मग हजार. कर्जाचं कारण लिहायच्या रकान्यात माझ्याच अक्षरात तिन्ही वेळा एकच शब्द आहे, 'औषध'. कसलं औषध, कोणासाठी, हे मी एकदाही विचारलं नाही. परतफेड वेळेवर होत होती, म्हणून मी निश्चिंत होते.

कंबर दुखते म्हणून ती दुखण्याच्या गोळ्या घेत होती. रोज एक, सोंगणीच्या दिवसांत दोन. "गोळी घेतली का काम होते वं," असं तिचं म्हणणं. पुढे चेहरा सुजायला लागला, अन्न नकोसं झालं, उलट्या सुरू झाल्या. तपासणी झाली तेव्हा कळलं की बीपी कधीपासून वाढलेलं होतं आणि दोन्ही किडन्या जवळजवळ थांबल्या होत्या. आज ती डायलिसिसवर आहे.

त्यानंतर मी आमच्या उपकेंद्राच्या सिस्टरांकडे जाऊन बसले. म्हटलं, मला एवढंच समजावून सांगा, बीपी वाढलं तर डोकं दुखेल, पण किडनी का जाईल? दुखण्याच्या गोळीचा आणि लघवीचा संबंध काय? त्यांनी सांगितलं, मग मी शाळेतल्या विज्ञानाच्या सरांकडून पुस्तकं घेतली, समजेल तसं वाचलं. जे समजलं ते आज तुमच्यापुढे ठेवते.

आधी चक्का आठवा. श्रीखंडासाठी आपण दही पातळ फडक्यात बांधून टांगतो. पाणी थेंबथेंब गळतं, चक्का फडक्यात राहतो. घाई असेल तर आपण गाठोड्यावर पाटा ठेवतो. वजन पडलं की पाणी भरभर निघतं. म्हणजे गाळायला नुसतं फडकं पुरत नाही, त्यावर दाब लागतो. पण वजन फारच ठेवलं, किंवा फडकं जुनं होऊन विरलं असेल, तर काय होतं? खाली पडणारं पाणी पांढरं दिसायला लागतं. दहीच बाहेर यायला लागतं. ही गोष्ट लक्षात ठेवा, किडनीचं अर्धं गणित यातच आहे.

आपल्या अंगात साधारण पाच लिटर रक्त असतं, बाईच्या अंगात थोडं कमी. हृदय ते पंपासारखं ढकलतं. मोठ्या नळ्यांमधून लहान नळ्यांत, लहानांतून आणखी बारीक नळ्यांत ते जातं. सर्वांत बारीक नळ्यांना केशवाहिन्या म्हणतात, म्हणजे केसासारख्या. खरं तर त्या केसापेक्षाही कितीतरी बारीक असतात. त्यांची भिंत इतकी पातळ असते की रक्तातलं पाणी, मीठ, साखर तिच्यातून झिरपून आजूबाजूच्या मांसात जातं. तिथल्या प्रत्येक पेशीला अन्नपाणी असंच पोचतं.

मग सगळंच पाणी झिरपून का जात नाही? कारण रक्तात प्रथिनं असतात. ती आकारानं मोठी, भिंतीतून सहसा बाहेर पडत नाहीत, आणि पाण्याला आपल्याकडे ओढून धरतात. काकडीच्या कोशिंबिरीला मीठ लावलं की मीठ काकडीतलं पाणी बाहेर ओढतं ना, तशीच ही ओढ. म्हणजे केशवाहिनीत दोन जोर काम करतात. रक्ताचा दाब पाण्याला बाहेर ढकलतो, प्रथिनं पाण्याला आत ओढतात. इंग्लंडमधल्या स्टार्लिंग नावाच्या शास्त्रज्ञानं १८९६ साली हा हिशेब मांडला.

हिशेब आपल्या जमा-खर्चासारखाच आहे. बीपीच्या यंत्रावर जो आकडा येतो तो पाऱ्याच्या मिलिमीटरमध्ये असतो. त्याच मापानं केशवाहिनीच्या सुरुवातीला बाहेर ढकलणारा दाब साधारण ३५ असतो आणि प्रथिनांची ओढ साधारण २५. म्हणजे १० बाहेरच्या बाजूला शिल्लक, म्हणून पाणी बाहेर जातं. नळीच्या शेवटी दाब उतरून १५ च्या आसपास येतो, प्रथिनांची ओढ मात्र तेवढीच राहते. तिथे पाण्याचं बाहेर जाणं थांबतं, काही परतही येतं. एवढं करून जे बाहेर उरतं ते गोळा करून रक्तात परत नेणाऱ्या वेगळ्या नळ्या आहेत, त्यांना लसिकावाहिन्या म्हणतात.

अंगावर सूज येते ती हा हिशेब चुकल्यामुळेच. दिवसभर उभं राहून काम केलं की पायातल्या नळ्यांवर दाब वाढतो आणि संध्याकाळी पाय जड होतात, पैंजण रुततं. हत्तीपायात जंतू लसिकावाहिन्या बिघडवतात, पाणी परत जात नाही. कुपोषणाच्या एका प्रकारात मुलाचे दोन्ही पाय सुजतात. अंगणवाडीताई मुलाच्या पायावर अंगठा दाबून खड्डा पडतो का पाहते, ती याचसाठी. मूल गुटगुटीत दिसतं म्हणून घरचे खूश असतात, पण ते अंगात साचलेलं पाणी असतं.

आता किडनीकडे येऊ.

पाठीच्या बाजूला, बरगड्यांच्या खालच्या टोकाशी, कण्याच्या दोन्ही अंगांना एकेक किडनी असते, आपल्या मुठीएवढी. मराठीत मूत्रपिंड. प्रत्येक किडनीत साधारण १० लाख गाळण्या असतात. प्रत्येक गाळणी म्हणजे केशवाहिन्यांचा एक छोटा गुंता, लोकरीच्या गुंड्यासारखा, आणि त्याभोवती वाटीसारखं आवरण. गुंत्यातून गाळलेलं पाणी वाटीत पडतं, वाटीतून लांब नळीत जातं आणि शेवटी त्याची लघवी होते.

इथे एक खुबी आहे. बाकी अंगात केशवाहिनीतून निघालेलं रक्त मोकळ्या, रुंद शिरेत जातं. किडनीच्या गाळणीत मात्र रक्त आणणारी नळी जरा रुंद आणि बाहेर नेणारी नळी जरा अरुंद असते. आपण बागेला पाणी देताना पाइपाच्या तोंडावर अंगठा धरतो आणि मागे दाब वाढतो, तसंच. त्यामुळे या गुंत्यात दाब ३५ नसतो, साधारण ५५ असतो, आणि तो फारसा उतरत नाही. प्रथिनं मागे ओढतात ३० नं. वाटीत आधीच असलेलं पाणी मागे रेटतं १५ नं. तीस आणि पंधरा पंचेचाळीस. पंचावन्नातून पंचेचाळीस गेले, उरले १०.

एवढ्या १० च्या जोरावर दोन्ही किडन्या मिळून दिवसाला सुमारे १८० लिटर पाणी गाळतात. आपल्या घरासमोर दोनशे लिटरचा निळा ड्रम असतो ना, तो जवळजवळ भरेल एवढं! यातलं ९९ टक्के पाणी आणि कामाची साखर-मीठ पुढच्या नळ्या पुन्हा रक्तात घेतात. उरते दीड-दोन लिटर लघवी, तिच्यातून अंगातली घाण बाहेर जाते.

सिस्टरांनी हा हिशेब कागदावर मांडून दाखवला तेव्हा मी पाहतच राहिले. शिल्लक फक्त १०! म्हणजे दाब ५५ चा ४५ झाला, तर गाळण शून्य. आणि दाब वाढत गेला, तर फडकं विरणार. दोन्हीकडून धोका.

आधी दाब कमी पडला तर काय, ते पाहू.

जुलाब-उलट्या झाल्या, रक्त फार गेलं, किंवा उन्हात घाम जाऊन अंगातलं पाणी आटलं, की रक्ताचा दाब उतरतो. पण शरीर शहाणं आहे. ते लगेच किडनीत रक्त आणणारी नळी सैल करतं आणि बाहेरची नळी आवळतं. वरचा दाब उतरला तरी गाळणीतला दाब काही काळ टिकतो. लघवी कमी आणि गडद पिवळी होते, पाणी वाचवलं जातं, पण गाळणं चालू राहतं.

आता दुखण्याची गोळी कुठे येते बघा. डायक्लोफिनॅक, आयबुप्रोफेन यांसारख्या गोळ्या अंगातला एक पदार्थ तयार होऊ देत नाहीत. त्या पदार्थामुळे दुखणं आणि सूज येते, म्हणून गोळीनं आराम पडतो. पण किडनीत रक्त आणणारी नळी सैल ठेवायचं कामही त्याच पदार्थाचं असतं. म्हणजे ऐन अडचणीत किडनीचा जो आधार असतो, तोच गोळी काढून घेते. धडधाकट माणसानं पोटभर पाणी पिऊन, डॉक्टरांच्या सांगण्यावरून दोन दिवस गोळी घेतली, तर सहसा काही होत नाही. पण ऑक्टोबरच्या उन्हात, दिवसभर घाम गाळून, पाणी न पिता, महिना महिना रोज गोळी? आणि त्यात बीपी आधीच वाढलेलं? आमच्या ताईनं नेमकं तेच केलं होतं, आणि तिला कोणी सांगितलंच नव्हतं.

याच औषधाची एक गोष्ट सांगते. गावाबाहेर मेलेल्या ढोरावर गिधाडं उतरायची, असं माझी आई सांगते. आता गिधाड दिसतं का कुठे? पूर्वी जनावरांना दुखण्यावर डायक्लोफिनॅकचं इंजेक्शन द्यायचे. ते जनावर मेलं आणि गिधाडांनी खाल्लं की गिधाडांच्या किडन्या बंद पडायच्या. २००४ साली शास्त्रज्ञांनी हे शोधून काढलं, आणि २००६ साली भारत सरकारनं जनावरांसाठी या औषधावर बंदी घातली. तोवर बहुतेक गिधाडं संपली होती. माणसाचं शरीर गिधाडाइतकं नाजूक नाही, आपल्याला हे औषध डॉक्टर देतातही. पण जे औषध इतकं करू शकतं, ते किराणा दुकानातून चॉकलेटसारखं आणून खायचं नसतं, एवढं तरी आपण समजून घ्यावं.

आणि एक गोष्ट आपण बायाच समजू शकतो. शेतात आपण पाणी का पीत नाही? पाणी नसतं म्हणून नाही. लघवीला जायला आडोसा नसतो म्हणून. सकाळी आठला गेलेली बाई संध्याकाळी पाचपर्यंत घोटभर पाण्यावर काढते. सोयाबीन सोंगून झालं की वावर उघडं पडतं, दूरवर झाड नसतं, आजूबाजूला माणसं असतात. हे आपण एकमेकींतही बोलत नाही. आमच्या गटानं या हंगामात ठरवलं, जिथे सोंगणीला जायचं तिथे चार काठ्या आणि एक जुनी साडी सोबत न्यायची. धुऱ्यावर आडोसा उभा करायला पाच मिनिटं लागतात. पहिल्या दिवशी पुरुष हसले. तिसऱ्या दिवशी शेतमालकिणीनं स्वतःच काठ्या गाडून ठेवल्या होत्या.

जुलाब लागले तर वाट बघू नका. आशाताईकडे ओआरएसचं पाकीट मिळतं. नसेल तर एक लिटर स्वच्छ पाण्यात चहाच्या चमच्यानं सहा सपाट चमचे साखर आणि अर्धा चमचा मीठ घालून घोट घोट प्या.

आता दुसरी बाजू, दाब वाढला तर.

ज्यांच्या शेतात ठिबक आहे त्यांना माहीत असेल, फिल्टरजवळ दाब दाखवणारं घड्याळ असतं. दाब कमी झाला तर शेवटच्या झाडाला पाणी पोचत नाही. फार वाढला तर नळ्या सांध्यातून उडतात, जाळी फाटते. म्हणून घरधनी येता-जाता त्या घड्याळाकडे पाहतो. आपल्या अंगातल्या ठिबकला मात्र घड्याळ दिसत नाही. ते दंडाला पट्टा बांधूनच पाहावं लागतं.

मोठ्या माणसाचं बीपी १२० वर ८० च्या आसपास असावं. वेगवेगळ्या दिवशी मोजून ते १४० वर ९० किंवा त्याहून जास्त येत असेल, तर ते वाढलेलं आहे. सुरुवातीला किडनी स्वतःला वाचवते, आत येणारी नळी आवळून धरते. पण वर्षानुवर्षं मारा चालू राहिला की नळ्या जाड आणि कडक होतात, काही गाळण्या सुकून बंद पडतात. गेलेली गाळणी पुन्हा तयार होत नाही. आणि तिचं काम उरलेल्यांवर येतं. आपल्या गटात दहा जणी आहेत आणि तिघींनी हप्ता थांबवला, तर उरलेल्या सात जणींवर ओढाताण येते, मग त्यातलीही एखादी थकते. अगदी तसंच. उरलेल्या गाळण्यांवर दाब वाढतो, त्याही विरायला लागतात. साखरेच्या आजारातही गाळणीवर असाच ताण पडतो. दोन्ही आजार एकत्र असतील तर काळजी दुप्पट.

विरलेल्या फडक्यातून दही बाहेर येतं म्हटलं होतं ना? विरलेल्या गाळणीतून प्रथिनं लघवीत येतात. लघवीला साबणासारखा फेस येतो आणि तो लवकर बसत नाही. आमची ताई म्हणाली, "फेस त दिसे, पण मले वाटे उन्हानं होत असन." प्रथिनं लघवीतून गेली की रक्तातली ओढ कमी होते, पाणी अंगात साचतं. म्हणून सकाळी उठल्यावर डोळ्यांखाली आणि चेहऱ्यावर सूज दिसते. प्रत्येक फेस म्हणजे आजार नव्हे, पण रोज दिसत असेल तर लघवी तपासून घ्यायलाच हवी.

सगळ्यात वाईट गोष्ट ही की दुखत काहीच नाही. रक्तात क्रिएटिनीन नावाचा कचरा मोजतात. पण किडनीचं काम निम्म्यावर येईपर्यंतही तो आकडा बऱ्याचदा ठीकच दिसतो. म्हणून रक्ताबरोबर लघवीतली प्रथिनंही तपासायची. आपल्याला त्रास नाही म्हणजे आजार नाही, हा हिशेब इथे चालत नाही.

गरोदर बाईसाठी तर हे फार जपण्यासारखं आहे. मागच्या वर्षी एका घरी गेले होते. सुनेला आठवा महिना. पाय तर सुजलेलेच, पण बोटातली अंगठी निघत नव्हती, चेहरा भरलेला. सासूबाई म्हणाल्या, "माह्याबी पायाले सूज होती, काई झालं नाई." त्यांचंही खोटं नव्हतं. गरोदरपणी पायाला थोडी सूज येते, ती साधी असू शकते. पण पाच महिन्यांनंतर बीपी १४० वर ९० च्या पुढे गेलं आणि लघवीत प्रथिनं आली, तर ते गरोदरपणातलं धोक्याचं बीपी. त्यात किडनीची गाळणी सुजते, केशवाहिन्यांतून पाणी जास्त झिरपतं, झटकेही येऊ शकतात. आई आणि बाळ दोघांच्याही जिवावर बेततं. सिस्टरांनी त्या पोरीचं बीपी मोजलं, लघवीत पट्टी बुडवून पाहिली आणि त्याच दिवशी तिला पुढे पाठवलं. बाळंतपण लवकर करावं लागलं, पण मायलेक घरी आले. आता सासूबाईच दुसऱ्यांच्या सुनांना सांगतात, पट्टी बुडवून पाहिली का?

डोकं ठणकणं, डोळ्यांपुढे अंधारी किंवा चमका, बरगडीखाली पोटात दुखणं, हात आणि तोंड सुजणं, यातलं एक जरी दिसलं तरी त्याच दिवशी दवाखाना. दर महिन्याच्या ९ तारखेला प्रधानमंत्री सुरक्षित मातृत्व अभियानात सरकारी दवाखान्यात गरोदर बायांची मोफत तपासणी होते. तो दिवस चुकवू नका. त्या दिवशी मजुरी बुडाली तरी चालेल.

आमच्या ताईचं आता कसं चाललं आहे, असं तुम्ही विचाराल. डायलिसिस म्हणजे अंगाबाहेरची गाळणी. रक्त नळीनं यंत्रात जातं, तिथे बारीक नळ्यांच्या पातळ भिंतीतून घाण पलीकडच्या पाण्यात उतरते, आणि जादा पाणी दाबाच्या फरकानं ओढून काढतात. म्हणजे पुन्हा तेच तत्त्व, दाब आणि गाळणी. पण किडनी रात्रंदिवस करते ते यंत्र आठवड्यातून तीन वेळा, चार-चार तासांत करतं. म्हणून मधल्या दिवसांत ताईला पाणीही मोजून प्यावं लागतं. उन्हाळ्यात ती कपात बर्फाचा खडा ठेवून चोखते. तिच्या डाव्या हाताची शीर डायलिसिससाठी जोडून मोठी केली आहे, त्या हातानं घागर उचलायची नाही. डायलिसिसचा खर्च सरकारी योजनेत होतो, राष्ट्रीय डायलिसिस कार्यक्रम २०१६ पासून आहे आणि महात्मा फुले जनआरोग्य योजनेतही तो बसतो. पण येण्या-जाण्याचं भाडं आणि दोघा नवराबायकोची बुडालेली मजुरी कोण देणार? तिला गटानं बिनव्याजी कर्ज दिलं. बैठकीत एकीनंही हात आखडता घेतला नाही. तरी मला वाटत राहतं, तीन वेळा 'औषध' लिहिताना एकदा विचारलं असतं, तर तिला कदाचित हे कर्ज घ्यावंच लागलं नसतं.

म्हणून आम्ही आता काय करतो ते सांगते, तुमच्या गटातही करून पाहा. बचत गटांच्या दशसूत्रीत आरोग्य हे एक सूत्र आहे. बैठकीत आपण ते घोकतो, मग हप्त्यांच्या हिशेबात विसरून जातो. आम्ही कर्जाच्या पुस्तकात 'औषध' लिहिलं की त्यापुढे 'कशाचं' हा प्रश्न विचारतो. पुस्तकात लिहीत नाही, कोणाचा आजार चारचौघांत उघडा करत नाही, पण बाजूला घेऊन विचारतो. तीस वर्षांवरच्या प्रत्येक बाईचं बीपी आणि साखर उपकेंद्रात मोफत तपासतात. आशाताई त्याचा फॉर्म भरून घेते. वर्षातून एकदा आम्ही सगळ्या मिळून जातो, एकटीला कंटाळा येतो. पहिल्याच खेपेत आमच्या चौघींचं बीपी जास्त निघालं. चौघींनाही काहीच त्रास नव्हता.

मिठाचंही बघा. मिठाबरोबर अंगात पाणी धरलं जातं आणि दाब वाढतो. मोठ्या माणसाला दिवसभरात सगळं मिळून पाच ग्रॅमपेक्षा कमी मीठ असावं, म्हणजे सपाट चमच्याच्या आत. आपल्याकडे भाकरीच्या पिठात मीठ, ठेच्यात मीठ, वर लोणचं, पापड आणि सांडगी मिरची. ठेचा सोडा असं मी म्हणणार नाही, माझ्याच्यानंही सुटणार नाही. पण भाकरीतलं मीठ बंद करता येतं. आमच्या घरी केलं, आठ दिवस कुरकुर झाली, मग कोणाच्या लक्षातही राहिलं नाही.

दोन प्रश्न नेहमी येतात. पहिला, खूप पाणी प्यायलं की किडनी धुऊन निघते का? नाही. पाणी तहानेप्रमाणे आणि उन्हातल्या कामाप्रमाणे हवं, लघवी फिकट पिवळी राहील एवढं. ज्यांना किडनीचा किंवा हृदयाचा आजार आहे, त्यांनी पाणी किती प्यायचं हे डॉक्टरांनाच विचारावं. दुसरा, बीपीची गोळी एकदा लागली की सुटत नाही, मग लावूच कशाला? मैत्रिणींनो, गोळीमुळे दाब आटोक्यात राहतो. काही गोळ्या तर किडनीतून बाहेर जाणारी नळी सैल करून गाळणीवरचाच दाब उतरवतात. बरं वाटलं म्हणून मनानं बंद करू नका. मात्र जुलाब-उलट्या लागल्या किंवा दिवस राहिले, तर कोणती गोळी चालू आहे ते लगेच डॉक्टरांना सांगा.

आणि कंबर दुखते त्याचं काय? दुखतं हे खरं आहे. आपलं काम वाकून करायचं आहे. शेक द्या, मधे मधे उठून पाठ सरळ करा, ओझं दोघींत उचला. तरी दुखलं तर डॉक्टरांना विचारून, बीपी मोजून, मगच गोळी. आणि ती किती दिवस घ्यायची हेही विचारा.

आमच्या ताईचा डायलिसिस सोमवार, बुधवार आणि शुक्रवारी असतो. म्हणून आमच्या गटाची बैठक आता आम्ही शनिवारवर घेतली आहे. ती येते, भिंतीला टेकून बसते. हप्ते गोळा व्हायच्या आधी एकेकीकडे पाहून विचारते, "बीपी पाह्यलं काय वं?" पाहिलं नसेल, तर तिच्या नजरेला नजर द्यायला कोणालाही जमत नाही.

या आठवड्यात तुम्हीही एकदा दंडाला पट्टा बांधून घ्या. आपला आकडा कागदावर लिहून भिंतीवरच्या दिनदर्शिकेला लावून ठेवा. पुढच्या वेळी भेटू तेव्हा मी विचारणार आहे. नमस्कार.